चपला काढून घरात शिरणारा चोर

४ फेब्रुवारी

ताई,

नमस्कार-चमत्कार नंतर. आधी एका प्रश्नाचं उत्तर दे. काल दुपारी तू जुन्या बसस्टँडवर आली होतीस का?

आली असशील तर सरळ सांग, मी आरडाओरडा करणार नाही. नसशील आली तर तुझ्या नवऱ्याला विचार. तोही नसेल तर मग मला डोकं खाजवत बसायला हवं.

ही मध्येच कुठून उगवली, असं तुला वाटलं असेल. मी सध्या तुझ्याच गावात आहे. तुझ्या घरापासून चालत येण्याच्या अंतरावर भाड्याची खोली घेतली आहे आणि तिथून तुला पोस्टाने पत्र टाकते आहे, याचं माझं मलाच हसू येतं. पण तू बोलावल्याशिवाय मी तुझ्या दारात येणार नाही, आणि फोन केला की तू म्हणतेस, "आई झोपली आहे." सकाळी केला तरी झोपली आहे, दुपारी केला तरी झोपली आहे, दिवेलागणीला केला तरी आपली झोपलेलीच. अख्ख्या आयुष्यात ती एवढी झोपली नव्हती. तू तिच्या हातात फोन देतच नाहीस, असा मला दाट संशय आहे. पत्र निदान दाराच्या फटीतून आत येतं. ते तिच्या हाती लागलं तर लागलं.

तर ऐक. गावाबाहेर नवा स्टँड झाला, हे तुला माहीत असेलच. जुन्यावरून आता थोड्याच गाड्या सुटतात आणि महिनाअखेरीला त्याला कुलूप लागणार आहे. तोवर तिथल्या प्रतीक्षालयातली मधली मोकळी फरशी एका संस्थेने मला काम करायला दिली आहे. मी तिथे आपलं घर काढते आहे. रस्ता रुंद करताना गेलं ते. पिवळी कागदी चिकटपट्टी फरशीवर लावून, आठवणीतून, खरोखरच्या मापाचं. भिंती, दारं, खिडक्या, प्रत्येकाच्या अंथरुणाची जागा. गाडीची वाट बघणारी माणसं त्यातून बॅगा ओढत येतात-जातात. कालच एक बाई आपल्या मोरीत उभी राहून केळं खात होती.

तुझी खोलीही काढली आहे. तिला दार मात्र काढलेलं नाही. तू ते कायम आतून लावूनच घ्यायचीस, मग काढून उपयोग काय?

माझं अंथरूण पॅसेजमध्ये आहे. हो, परत तोच पॅसेज. त्या मुलाखतीत मी म्हणाले की मला घरात खोली नव्हती, मी येण्याजाण्याच्या वाटेत वाढले, आणि तू माझ्याशी धड बोलणं टाकलंस. "आईला चारचौघांत उघडं पाडलंस," म्हणालीस. ताई, मी काय खोटं बोलले होते? मी जिने रंगवते, दवाखान्यांतली बाकं रंगवते, जिथे कोणी राहत नाही अशा जागा रंगवते. लोक मला पॅसेजवाली म्हणतात. माझी सगळी कमाई त्या पॅसेजमधून आली आहे.

आता कालचं. स्वयंपाकघराचं दार मी डाव्या हाताला काढलं होतं. जेवून परत आले तर ते उजव्या हाताला! कोणीतरी पट्टी अलगद सोडवून दुसरीकडे लावली होती. प्रवाशाला कोणाच्या स्वयंपाकघराची एवढी काय पडलेली असणार? हे दार कुठे होतं ते ठाऊक असलेली माणसं जगात मोजकीच उरली आहेत. त्यातली एक मी. म्हणून तुला विचारते आहे.

धाकटी


९ फेब्रुवारी

ताई,

उत्तर नाही. अपेक्षाही नव्हती.

आपलं घर आकसत चाललंय. चेष्टा करत नाही. पॅसेजची भिंत रोज थोडी थोडी आत येते आहे. पहिल्यांदा वाटलं, माझाच डोळा फसतोय. पण काल पट्टीच्या कडेला पेन्सिलीने बारीक खूण करून ठेवली आणि जेवायला गेले. परतले तेव्हा भिंत खुणेच्या चांगली हातभर आत!

मला आधी संस्थेच्या बाईंचा संशय आला. त्या गोड बोलतात, आणि गोड बोलणाऱ्या माणसांपासून मी चार हात लांब असते. माझ्या या कामाच्या उद्घाटनाला पाहुण्यांच्या खुर्च्या कुठे मांडायच्या, हा त्यांना घोर लागला आहे. आल्या की नजर फरशीवरून फिरवतात आणि म्हणतात, "घर जरा ऐसपैस झालंय, नाही का?" मी सरळ विचारलं, "तुम्ही हलवलीत का भिंत?" तर त्यांचे डोळेच चमकले. "कोणी हलवतंय? अहो, किती छान! याला लोकसहभाग म्हणतात!" मी म्हटलं, याला आमच्याकडे आगाऊपणा म्हणतात. त्या हसल्या. पण त्यांच्या खुर्च्यांचा विषय काही त्यांनी सोडला नाही, म्हणून मी त्यांना अजून यादीतून काढलेलं नाही.

मग दुसराच संशय आला. जिथे पट्टी सरकवली आहे तिथे जुन्या रेघेच्या जागी खडूच्या दोन बारीक, तिरप्या रेघा मारलेल्या आहेत. सगळीकडे तशाच. तुला मोजणीवाले आठवतात? आपल्या घराच्या भिंतीवर लाल रंगाने खुणा करून गेले होते आणि बाबा त्या ओल्या फडक्याने पुसत बसले होते. मला वाटलं, आता हे प्रतीक्षालयही पाडायला काढलं असेल आणि माणसं येऊन गुपचूप मापं घेत असतील. म्हणजे घर आधी खरं गेलं, आता चित्रातलंही त्याच पद्धतीने जाणार. मी तिथेच फरशीवर बसून राहिले. एका माणसाने माझ्यापुढे सुटे पैसे ठेवले, तेव्हा उठले.

शेवटी चौकीदाराला धरलं. तो दाराशी स्टुलावर बसलेला असतो आणि सगळ्या जगाचं त्याला ठाऊक असतं.

"मी जेवायला गेल्यावर इथे कोण येतं?"

"प्रवासी येतात. बसस्टँड आहे बाई."

"तसं नाही. चोरी होते आहे इथे."

तो ताडकन उठला. "काय गेलं?"

"भिंत. हातभर सरकली आहे."

त्याने मागे वळून खऱ्या भिंतीकडे बघितलं, मग माझ्याकडे. "बाई, मी भिंतीला टेकूनच बसलोय. सरकली असती तर मी पडलो असतो."

त्याच्या तोंडावरची रेघ हलली नाही. एक तर तो फार साधा आहे किंवा फार पोचलेला. माझं मत दुसऱ्या बाजूने आहे.

तुझंही तसंच. गप्प बसणारी माणसं मला साधी वाटत नाहीत.

धाकटी


१४ फेब्रुवारी

ताई,

आता पुरावाच सापडला आहे, तेव्हा शांतपणे वाच.

काल जेवायला जाण्याआधी मी घरभर पांढरी भुकटी भुरभुरवली. फार थोडी, दिसेल न दिसेल अशी. परत आले तर प्रवाशांचे बूट आडवेतिडवे उमटले होते, बॅगांच्या चाकांच्या रेघा होत्या, ते सगळं अपेक्षितच. पण त्यात एकच पावलं निराळी. घराच्या मुख्य दारापर्यंत चपलांचे ठसे. दाराशी चपला शेजारी शेजारी काढून ठेवल्याची खूण. आणि तिथून आत अनवाणी पावलं.

मला सांग, असा कुठला चोर असतो, जो चपला काढून घरात शिरतो? तेही चिकटपट्टीच्या दारातून? ही पावलं कुठल्याही भिंतीवरून गेलेली नाहीत. वळसा घालून, दारातूनच गेली आहेत. मोरीकडे जातानासुद्धा आधी पॅसेज, मग स्वयंपाकघर, मग मोरी.

मोजणीवाले असे चालत नाहीत. संस्थेच्या बाई तर टाचांच्या बुटांशिवाय पाऊल टाकत नाहीत.

मग मी त्या दोन तिरप्या रेघा पुन्हा नीट बघितल्या, आणि इतके दिवस मी कशी काय आंधळी झाले होते याचा संताप आला. तो फळ्यावरचा खडू नाही. शिंप्याचा चपटा, निळा खडू आहे. आई दुसऱ्यांचे कपडे उसवून बेतून द्यायची, तेव्हा चुकलेली रेघ कधी पुसायची नाही. पुसलं की कापड मळतं, म्हणायची. चुकीच्या रेघेवर दोन बारीक तिरप्या रेघा मारायची आणि शेजारी नवी रेघ काढायची. दोन रेघा म्हणजे, हिच्याकडे बघू नका.

तू तिच्या हाताखाली शिकलीस. मी कधी सुई हातात धरली नाही. आई तर तुझ्या म्हणण्याप्रमाणे आठ प्रहर झोपलेली असते. मग उरलं कोण?

बरं, तू दार हलवलंस, भिंत सरकवलीस, तेही मी सोडून दिलं असतं. कदाचित तू मोठी असल्यामुळे तुला जास्त नीट आठवत असेल. पण काल तू जे केलंस ते मी सोडणार नाही. माझ्या अंथरुणाला अगदी चिकटून तू एक लांबट चौकोन काढलास. काय आहे तो? ट्रंक? तुझी अडगळ? ताई, माझ्या शेजारी तिथे काही नव्हतं. कोणीही नव्हतं. सगळे मला ओलांडून जायचे आणि मी छताकडे बघत पडायचे, हेच तर मी इतकी वर्षं रंगवते आहे. तुला त्या घरात खोली होती, खिडकी होती, दाराला कडी होती. मला एक पॅसेज मिळाला होता. तोही तुला सहन होत नाही?

तो चौकोन मी उखडून टाकणार होते. पट्टीचं टोक नखाने सोडवलंही. मग म्हटलं, राहू दे. पुरावा आहे. तू समोर आलीस की दाखवायला लागेल.

ये आणि तोंडावर सांग. आणि आईला फोन दे.

धाकटी


१८ फेब्रुवारी

धाकटे,

तुझी तिन्ही पत्रं मिळाली. पहिली दोन वाचून ठेवून दिली. तिसरं वाचल्यावर तुझ्या थोबाडीत मारावीशी वाटली, म्हणून लिहायला बसले.

मी स्टँडवर आलेली नाही. माझ्या नवऱ्याला आपलं ते घर कुठल्या दिशेला होतं हेही माहीत नाही, त्याला यात ओढू नकोस. आई येते.

पेपरात तुझा फोटो आला होता, स्टँडच्या वरच्या गॅलरीतून काढलेला. खाली फरशीवर ते पिवळं घर. मी तो पेपर गादीखाली सरकवला, कारण म्हटलं, परत तोच पॅसेज, परत तिच्या जिवाला त्रास. तिने हुडकून काढलाच. भिंग घेऊन बराच वेळ बघत बसली आणि म्हणाली, "स्वयंपाकघराचं दार चुकवलंय तिने." बस्, एवढंच. दुसऱ्या दिवसापासून दुपारी पाय मोकळे करायला जाते म्हणून बाहेर पडायला लागली. मला वाटलं, बागेत जात असेल. पाठलाग करायचं मनात आलं होतं. संशयी काय तू एकटीच आहेस? मग एक दिवस तिच्या पदराला पिवळी चिकटपट्टी लागलेली दिसली.

आता झोपेचं. तिला फोनवरचं ऐकू येत नाही. गेलं वर्षभर नाही. समोर बसून बोललं तर ओठांवरून समजून घेते, फोन कानाला लावला की नुसती "हं, हं" करते आणि मग रडते. यंत्र आणू म्हटलं तर ऐकत नाही. "धाकटीला सांगू नकोस, हातातलं काम टाकून धावत येईल," असं तिनेच मला बजावलं. म्हणून मी म्हणते झोपली आहे. तुझ्या शिव्या मी खाते, बरं वाटतं का मला?

आणि तो लांबट चौकोन. तो नखाने सोडवलास, म्हणतेस. आधी एक सांग. बाबांचं अंथरूण तू बाहेरच्या खोलीत काढलंस. माझं आतल्या खोलीत काढलंस. तुझं पॅसेजमध्ये. फोटोत मी सगळं नीट बघितलं. आईचं कुठे आहे?

मुलाखतीत तुला कोणी हे विचारलं नाही आणि तुलाही सुचलं नाही. ती पॅसेजमध्येच झोपायची, तुझ्या शेजारी. तू झोपल्यावर येऊन पडायची आणि तू जागी व्हायच्या आत अंथरूण गुंडाळून कामाला लागलेली असायची. तुला दिसली नाही. मी पाणी प्यायला उठायचे तेव्हा तुम्हा दोघींना ओलांडून जायला लागायचं. तिचा हात तुझ्या अंगावर असायचा. मी खोलीत परत यायचे आणि कडी लावून घ्यायचे. तुला वाटायचं, ही मालकिणीसारखी दार लावून बसते. मी काय बोलणार? मला खोली मिळाली आणि तुला आई.

तिला हे पत्र लिहिल्याचं सांगितलेलं नाही. तू तिला पकडायला जाऊ नकोस. घाबरली तर यायची बंद होईल, आणि हल्ली ती दुपारची वाट बघते.

ताई


२५ फेब्रुवारी

ताई,

तुझं पत्र मी स्टँडवरच फोडलं. वाचून झाल्यावर पॅसेजमध्ये गेले आणि सोडवलेलं टोक अंगठ्याने दाबून परत चिकटवलं. मग त्या चौकोनाशेजारी, माझ्या जागेवर, आडवी झाले. पाय भिंतीच्या बाहेर गेले. तेव्हा कळलं, घर का आकसत होतं. पॅसेजमध्ये पाय भिंतीला लागायचे नाहीत, एवढंच मला आठवत होतं, म्हणून मी भिंत माझ्या आत्ताच्या पायांपलीकडे नेऊन ठेवली होती. आई ती त्या वेळच्या माझ्या मापाने बेतत होती. मी तिथेच पडून रडले. कोणी सुटे पैसे ठेवले नाहीत, एका आजोबांनी पाण्याची बाटली ठेवली.

तू म्हणालीस पकडू नकोस, म्हणून नाही पकडलं. पण मी माझी वाट बदलणारी नाही, हे तुला ठाऊक आहे. आई यायची बंद होईल याचीच भीती वाटत होती. घरातलं जवळजवळ सगळं तिने दुरुस्त केलं होतं. चुका संपल्या की ती कशाला येईल? म्हणून मी नवीन चूक केली. स्वयंपाकघराची खिडकी उचलून मुद्दाम भलत्याच भिंतीला लावली. आणि जेवायला न जाता मागच्या बाकावर, एका भल्यामोठ्या कुटुंबाच्या सामानाआड बसले.

ती आली. किती लहान झाली आहे ग ती. चौकीदाराने उठून तिला वाट दिली. नंतर मी त्याला धरलं तर म्हणतो कसा, "तुम्ही चोराबद्दल विचारलं होतंत. त्या तर मापं घेणाऱ्या बाई आहेत. मला वाटलं, तुमच्या वरच्या." तिनेच त्याला सांगितलं होतं म्हणे, "काम माझंच आहे, मुलगी नवशिकी आहे."

दाराशी चपला काढल्या. पॅसेजमधून आत गेली. खिडकीपाशी थांबली आणि पिशवीतून निळा खडू काढून चुकीच्या पट्टीवर दोन तिरप्या रेघा मारल्या. मी वाट बघत होते, आता ती पट्टी सोडवून बरोबर जागी लावेल. तिने काहीच केलं नाही. कमरेवर हात ठेवून उभी राहिली. मग पॅसेजमध्ये आली, खडू माझ्या अंथरुणावर उशाशी ठेवला, आणि वळून थेट माझ्या बाकाकडे बघून म्हणाली, "कळतंय तर सगळं, मग मला कशाला खेपा घालायला लावतेस?"

तिला स्वतःचा आवाज किती मोठा होतो ते समजत नाही. अख्ख्या प्रतीक्षालयाने ऐकलं. सामानवालं कुटुंब माझ्याकडे टकमक बघायला लागलं.

मी गेले. चपला काढल्या, दारातून गेले. तिच्यासमोर बसले, म्हणजे तिला माझे ओठ दिसतील. पण तिने आधी दाराकडे बोट केलं. मग तीच बोलली. "हे मुख्य दार बघ, केवढं काढलं होतंस. आपण काय घरात हत्ती पाळले होते?" मी मुलाखतीचं काढलं. माझं चुकलं, असं म्हणणार होते, तिने मध्येच तोडलं. "पॅसेज म्हणालीस ते काय खोटं आहे? वारा छान यायचा तिथे. म्हणून तर आपण तिथे झोपायचो." आपण, म्हणाली. ताई, एवढी वर्षं मी एकटीचा पॅसेज रंगवला आणि लोकांनी तो भिंतीवर लावला. आता ते सगळं मला पुन्हा बघायला लागेल. जमेल का, देव जाणे.

खिडकी मी माझ्या हाताने बरोबर जागी लावली. ती बघत होती. दोनदा "अजून जरा वर" म्हणाली.

आता एकच गोष्ट राहिली आहे. तुझी खोली. इतक्या दिवसांत तिने तुझ्या खोलीला हात लावलेला नाही, हे माझ्या लक्षातच आलं नव्हतं. चारही बाजूंनी भिंत, आणि दार नाही. मी तिला खडू दिला आणि म्हटलं, हे काढ. तिने खडू परत माझ्या हातात ठेवला. "ते तिचं तिला काढू दे. आतून कडी लावायची ती. दार कुठे होतं ते तिलाच नीट ठाऊक."

अठ्ठावीस तारखेला संध्याकाळची शेवटची गाडी गेली की कुलूप लागेल. संस्थेच्या बाईंना त्याआधी, उद्घाटन उरकताच, पट्ट्या काढायच्या आहेत, पण मी त्यांच्या खुर्च्यांना आपल्या मोरीत जागा देऊन एक दिवस मागून घेतला आहे. दुपारी आम्ही दोघी तिथे असू. जेवण घरूनच आणणार आहे, ती नुसती फळं खाऊन येते असा मला संशय आहे.

तू येणार नाहीस असं तू म्हणशील. पण मला संशय आहे की तू येशील.

आलीस तर भिंतीवरून येऊ नकोस. दारातून ये, आणि चपला बाहेर काढ.

धाकटी